देह, वस्त्र आणि वैद्याची मर्यादा
जर्मनीतील नग्नसंस्कृतीचा इतिहास व बदलती नीतिमूल्ये : एक अभ्यास

प्रास्ताविक

रुग्णाचे वस्त्र बाजूला होणे ही वैद्याच्या दृष्टीने नित्याची बाब आहे. अभ्यंग, स्वेदन, बस्ती, उत्तरबस्ती, क्षारसूत्र यांपैकी कोणतेही कर्म देहाचा काही भाग उघडा केल्यावाचून होत नाही. परंतु जे वैद्याला नित्याचे, ते रुग्णाच्या आयुष्यात पहिल्यांदाच घडत असते. जाफराबादसारख्या तालुक्याच्या गावी व्यवसाय करणाऱ्या आम्हा वैद्यांना याचा प्रत्यय वारंवार येतो. अर्श, भगंदर किंवा श्वेतप्रदराची तक्रार घेऊन एखादी भगिनी चिकित्सालयाची पायरी चढते, तेव्हा व्याधी पुष्कळदा जुना झालेला असतो. उशीर का केला असे विचारल्यास 'लाज वाटली' एवढेच उत्तर मिळते. साध्य व्याधी कृच्छ्रसाध्य होण्यामागे निदानातील चुकीइतकीच ही लाजही कारणीभूत असते.

ही लाज किती स्वाभाविक आणि किती समाजाने लावलेली? तिच्यापुढे वैद्याने कोणत्या मापाने वागावे? या प्रश्नांचा विचार करण्यासाठी आम्ही प्रस्तुत लेखात जर्मनीतील नग्नसंस्कृतीचा इतिहास निवडला आहे. विषय वाचकांना अनपेक्षित वाटेल. तथापि ही चळवळ मुख्यत्वे निसर्गोपचाराच्या चिकित्सालयांतून वाढली, तिच्या मूळ ग्रंथांचा प्रभाव महाराष्ट्रापर्यंत पोहोचला, आणि एकाच देशात एकाच उघड्या देहाला कधी औषध, कधी गुन्हा, कधी वंशाभिमानाचे साधन तर कधी नागरिकाचा हक्क मानले गेले. म्हणून हा इतिहास आपल्या व्यवसायाशी निगडित आहे, असे आमचे मत आहे.

संहितांतील आधार

ऊन आणि वारा यांचा देहाशी थेट संपर्क ही कल्पना आयुर्वेदाला नवी नाही. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात लंघनाचे दहा प्रकार सांगितले आहेत. त्यांत चार प्रकारची शुद्धी, पिपासा, पाचन, उपवास व व्यायाम यांच्याबरोबर मारुत आणि आतप यांचीही गणना आहे. स्वेदाध्यायात अग्नीवाचून होणाऱ्या दहा स्वेदांमध्ये आतप आहेच. श्वित्राच्या चिकित्सेत संशोधनानंतर रुग्णाने आपल्या बलानुसार सूर्यताप घ्यावा, असे स्पष्ट मार्गदर्शन मिळते.

त्याच संहितेने वस्त्राची मर्यादाही सांगितली आहे. सद्वृत्तात नग्न होऊन स्नान करण्याचा निषेध आहे. जेन्ताक स्वेदासाठी रुग्णाला तैलाभ्यंग करून, परंतु वस्त्राने आच्छादूनच कूटागारात न्यावे असे म्हटले आहे. विमानस्थानात शिष्याला दिलेल्या उपदेशात, ज्या स्त्रीचा स्वामी किंवा पालक उपस्थित नाही तिला औषध देऊ नये, आणि रुग्णाच्या घरातील गोष्टी बाहेर सांगू नयेत, असे दोन्ही आदेश आहेत. म्हणजे देह उघडा करण्याची आवश्यकता आणि देह झाकण्याची आवश्यकता, दोन्ही एकाच शास्त्राने मान्य केल्या. त्यांचा मेळ घालण्याचे काम वैद्याच्या विवेकावर सोपविले.

चिकित्सालयातून निघालेली चळवळ

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जर्मनीत कारखाने झपाट्याने वाढले. कोळशाच्या धुराने आकाश झाकलेले, घरे दाटीची व अंधारी, अंगावर जाड कपड्यांचे थर, अशा शहरांत राजयक्ष्मा आणि मुलांमधील मुडदूस बळावले. या जीवनपद्धतीविरुद्ध जी 'जीवनसुधारणा' चळवळ उभी राहिली, तिच्यात शाकाहार, मद्यत्याग, निसर्गोपचार आणि देहाला ऊन-वारा देणे ही अंगे एकत्र आली.

स्वित्झर्लंडचे आर्नोल्ड रिक्ली यांनी १८५० च्या दशकात आजच्या स्लोव्हेनियातील ब्लेड येथे प्रकाशस्नान व वायुस्नानाचे चिकित्सालय सुरू केले. बव्हेरियातील धर्मगुरू सेबास्टियन क्नाइप यांनी शीतजलोपचार लोकप्रिय केला. लाइपझिग येथे लुई कुने यांनी १८८३ मध्ये आपले चिकित्सालय उघडले. कटिस्नान आणि बाष्पस्नान हे त्यांचे मुख्य उपचार होत. आडोल्फ युस्ट यांनी १८९६ मध्ये हार्ट्झ पर्वताच्या परिसरात 'युंगबोर्न' ही संस्था स्थापन केली. तेथे रुग्ण लाकडी झोपड्यांत राहत, माती, पाणी, फळे यांवर भर असे आणि दिवसाचा काही काळ विवस्त्र घालवीत. तेथे पुरुष आणि स्त्रिया यांचे विभाग वेगळे होते, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. प्रख्यात लेखक फ्रान्झ काफ्का १९१२ च्या जुलै महिन्यात तेथे राहिले होते. इतर विवस्त्र असताना ते पोहण्याची चड्डी सोडीत नसत, म्हणून त्यांची ओळखच 'चड्डीवाला गृहस्थ' अशी झाली. नग्नतेच्या संस्थेतही एका रुग्णाचा संकोच चालवून घेतला गेला, हा त्यातील वैद्यकीय बोध.

उन्हाच्या या आग्रहाला पुढे विज्ञानाचे पाठबळ मिळाले. १९१८-१९ च्या हिवाळ्यात बर्लिनचे बालरोगतज्ज्ञ कुर्ट हुल्डशिन्स्की यांनी अतिनील किरणांच्या दिव्याने मुडदूस बरा होतो हे दाखविले. ग्योटिंगेनचे आडोल्फ विंडाउस यांना स्टेरॉल व त्यांचा जीवनसत्त्वांशी असलेला संबंध यांवरील संशोधनासाठी १९२८ चे रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले. अंधाऱ्या शहरातील मुलाला ऊन हे खरोखरच औषध होते.

औषधाकडून विचारसरणीकडे

जे चिकित्सालयाच्या कुंपणात होते ते हळूहळू बाहेर आले. चित्रकार कार्ल विल्हेल्म डीफेनबाख यांच्यावर म्युनिकजवळ नग्नतेबद्दल १८८८ मध्ये खटला झाला. १९०३ मध्ये ल्युबेक शहराच्या परिसरातील क्लिंगबेर्ग येथे पाउल झिमरमान यांनी नग्नतेसाठी राखीव असे उद्यान सुरू केले. यानंतर या चळवळीला 'नग्नसंस्कृती' आणि पुढे 'मुक्तदेहसंस्कृती' असे नाव पडले. जर्मन भाषेतील तिची आद्याक्षरे 'एफ.के.के.' आजही तेथील समुद्रकिनाऱ्यांवरील फलकांवर दिसतात.

परंतु एका आचाराखाली परस्परविरोधी विचार एकत्र नांदत होते. रिखार्ड उंगेविटर यांनी नग्नतेचा संबंध वंशशुद्धीशी जोडला. विवाहापूर्वी निरोगी देह पाहूनच जोडीदार निवडावा, म्हणजे 'वंश' सुधारेल, असे त्यांचे प्रतिपादन होते. याउलट बर्लिनचे समाजवादी शिक्षक आडोल्फ कोख यांनी कामगारांच्या मुलांसाठी व प्रौढांसाठी विवस्त्र व्यायामाचे वर्ग चालविले. त्यांची नग्नता श्रीमंत-गरीब हा कपड्यांतून दिसणारा भेद पुसण्यासाठी होती. १९२९ मध्ये बर्लिन येथे या विषयावर आंतरराष्ट्रीय परिषदही भरली. वस्त्र उतरविल्याने माणूस आपोआप समतावादी होत नाही आणि आपोआप अनीतिमानही होत नाही, हे या दोन उदाहरणांवरून स्पष्ट होते.

महाराष्ट्राशी असलेले नाते

जर्मनीत उद्याने निघण्यापूर्वीच आपल्या ठाणे शहरात असा एक प्रयोग झाला होता. १८९१ मध्ये ठाण्यातील ब्रिटिश न्यायाधीश चार्ल्स एडवर्ड गॉर्डन क्रॉफर्ड यांनी 'फेलोशिप ऑफ द नेकेड ट्रस्ट' नावाची संस्था काढली. सभासद अवघे तीन. इंग्लंडमधील विचारवंत एडवर्ड कार्पेंटर यांना त्यांनी लिहिलेल्या पत्रांमुळे तिची माहिती टिकली. ही संस्था अल्पायुषी ठरली. राज्यकर्त्या वर्गातील तीन पुरुषांच्या एकांतापलीकडे ती गेली नाही आणि भोवतालच्या समाजाशी तिचा काही संवाद झाला नाही.

दुसरा धागा अधिक खोल आहे. महात्मा गांधींनी दक्षिण आफ्रिकेत कुने आणि युस्ट यांचे ग्रंथ वाचले आणि मातीची पट्टी व कटिस्नान यांचा आयुष्यभर पुरस्कार केला. पुण्यात डॉ. दिनशा मेहता यांचे निसर्गोपचार केंद्र त्यांच्या निकटचे होते. १९४५ मध्ये तेथे अखिल भारतीय निसर्गोपचार प्रतिष्ठानाच्या न्यासाची स्थापना झाली. त्याच जागी १९८६ पासून राष्ट्रीय निसर्गोपचार संस्था कार्यरत आहे. १९४६ च्या मार्च महिन्यात गांधीजींनी उरुळी कांचन येथे राहून ग्रामीण रुग्णांवर उपचार केले. तेथील आश्रम पुढे मणिभाई देसाई यांनी नावारूपास आणला. युस्ट यांच्या विचारातील माती, पाणी, ऊन, आहार हे सर्व येथे आले. सामुदायिक नग्नता आली नाही. समाजाने परक्या शास्त्रातून आपल्याला मानवेल तेवढेच घेतले. याला आपण सात्म्याचा विचार म्हणू शकतो.

तिसरा धागा र. धों. कर्वे यांचा. संततिनियमनाचा प्रचार करणारे त्यांचे 'समाजस्वास्थ्य' मासिक जुलै १९२७ मध्ये सुरू झाले आणि १९५३ मध्ये त्यांच्या निधनापर्यंत चालले. या मासिकाच्या मुखपृष्ठावर विवस्त्र स्त्रीचे चित्र असे, आणि नग्नतेच्या चळवळीचे कर्वे यांनी उघड समर्थन केले. देहाविषयीच्या लाजेतून अज्ञान व अज्ञानातून रोग, अशी त्यांची भूमिका होती. त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले. १९३४ च्या खटल्यात वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना दिलेली उत्तरे हा आक्षेपाचा विषय होता. कर्वे यांच्या बाजूने डॉ. बाबासाहेब आंबेडकर न्यायालयात उभे राहिले. लैंगिक विषयावर लिहिलेले ते सर्व अश्लील, हे मानण्यास त्यांनी नकार दिला. निकाल विरुद्ध गेला आणि कर्वे यांना दोनशे रुपये दंड झाला. आज त्याच प्रकारचे प्रश्न रुग्ण आपल्यासमोर बसून विचारतात आणि त्यांची उत्तरे देणे हे आपले कर्तव्य मानले जाते.

नग्नता आपल्या समाजाला सर्वस्वी अपरिचित होती असेही नाही. वेरूळच्या जैन लेण्यांतील तीर्थंकरांच्या मूर्ती दिगंबर आहेत. १९५५ मध्ये मराठवाड्यातील कुंथलगिरी येथे सल्लेखना घेतलेल्या आचार्य शांतिसागर महाराजांना लाखो लोक वंदन करीत. नाशिक-त्र्यंबकेश्वरच्या कुंभमेळ्यात नागा साधूंची मिरवणूक निघते. त्या नग्नतेचा अर्थ त्याग असा आहे आणि समाज तो अर्थ ओळखतो. अर्थ ओळखला गेला की लाज उरत नाही.

सत्ता बदलते, मर्यादा बदलते

१९३२ च्या ऑगस्टमध्ये प्रशियाच्या शासनाने सार्वजनिक ठिकाणी विवस्त्र स्नानास बंदी केली आणि पोहण्याच्या पोशाखाचा कापड कोठे कसा असावा येथपर्यंत नियम केले. लोकांनी त्याची यथेच्छ थट्टा केली. नाझी सत्तेवर आल्यानंतर ३ मार्च १९३३ रोजी हेर्मान ग्योरिंग यांनी नग्नसंस्कृतीविरुद्ध फर्मान काढले. कोख यांच्यासारख्या समाजवाद्यांच्या संस्था बंद पडल्या. मात्र वंशवादी गट नव्या नावाखाली सत्तेच्या छायेत चालू राहिले आणि १९४२ च्या नियमाने इतरांच्या दृष्टीआड विवस्त्र स्नानाला मुभाही मिळाली. म्हणजे आक्षेप देहाला नव्हता. कोणाचा देह आणि कोणता विचार, याला होता.

युद्धानंतर १९४९ मध्ये पश्चिम जर्मनीत या चळवळीचा राष्ट्रीय संघ स्थापन झाला. पूर्व जर्मनीच्या साम्यवादी शासनाने १९५४ मध्ये बाल्टिक किनाऱ्यावर बंदी घालून पाहिली. लोकांनी विरोध केला आणि १९५६ च्या नियमाने राखीव किनारे मान्य करावे लागले. पुढे तेथे विवस्त्र स्नान ही सर्वसामान्य कुटुंबांची सुटीतील गोष्ट झाली. २०२३ मध्ये बर्लिनच्या सार्वजनिक जलतरण तलावांनी पुरुषांप्रमाणे स्त्रियांनाही उघड्या छातीने पोहता येईल असे स्पष्ट केले. यावेळी मुद्दा आरोग्याचा किंवा निसर्गाचा नव्हता, स्त्री-पुरुष समानतेचा होता.

वैद्यकीय मतही स्थिर राहिले नाही. ज्या देशाने उन्हाला सर्वरोगहारी ठरविले, त्याच देशात २००८ पासून पस्तीस वर्षांवरील नागरिकांसाठी त्वचेच्या कर्करोगाची नियमित तपासणी सुरू झाली. औषधालाही मात्रा असते, हे तत्त्व उन्हालाही लागू पडते.

भारतीय न्यायालयांची वाटचाल

आपल्या देशातही माप बदलले आहे. १९६५ मध्ये रणजित उदेशी यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने जुनी इंग्रजी कसोटी स्वीकारली. दुर्बल मनाच्या वाचकावर लेखनाचा विपरीत परिणाम होण्याची प्रवृत्ती, हा तिचा निकष होता. १९६९ मध्ये चंद्रकांत काकोडकर यांच्या 'श्यामा' या मराठी कथेला त्याच न्यायालयाने अश्लीलतेच्या आरोपातून मुक्त केले आणि समाजाच्या कल्पना काळानुसार बदलतात हे मान्य केले. २०१४ च्या निकालाचा तर जर्मनीशीच संबंध आहे. टेनिसपटू बोरिस बेकर व त्यांची वाग्दत्त वधू यांचे विवस्त्र छायाचित्र जर्मन साप्ताहिकात आले व १९९३ मध्ये कोलकात्यातील प्रकाशनांनी ते पुन्हा छापले. वर्णद्वेषाला विरोध हा त्याचा हेतू होता. सर्वोच्च न्यायालयाने जुनी कसोटी सोडून समकालीन समाजाच्या मापदंडाचा निकष घेतला आणि नुसती नग्नता म्हणजे अश्लीलता नव्हे, चित्राचा संदर्भ व संदेश पाहिला पाहिजे, असे ठरविले.

आपल्या चिकित्सालयासाठी

या साऱ्या इतिहासातून आम्हाला एक सूत्र हाती लागते. वस्त्राची लांबी-रुंदी हे सभ्यतेचे माप नव्हे. देह कोणत्या हेतूने, कोणाच्या इच्छेने आणि कोणासमोर उघडा होतो, हे माप होय. क्लिंगबेर्गच्या उद्यानातील मनुष्य स्वतःच्या इच्छेने विवस्त्र होता. आपल्या द्रोणीवरील रुग्ण व्याधीमुळे विवस्त्र असतो. नाही म्हणण्याचे बळ त्याच्यापाशी नसते. म्हणून 'वैद्यापुढे कसली लाज' हे वाक्य आपल्या व्यवसायातून हद्दपार व्हावे, असे आम्हाला वाटते. लाज आहे की नाही हे ठरविण्याचा अधिकार रुग्णाचा आहे.

व्यवहारात पुढील गोष्टी सहज पाळता येतील.

१. कर्मापूर्वी कोणते वस्त्र काढावे लागेल, किती वेळ, आणि खोलीत कोण असेल, हे रुग्णाच्या भाषेत सांगून संमती घ्यावी. पंचकर्मासाठी लेखी संमती असावी.

२. अभ्यंग अंगाअंगाने करावा. ज्या अवयवावर तेल चालू आहे तो उघडा, बाकीचा देह चादरीखाली. बस्तीसाठी वामपार्श्वावर निजविल्यावर कटिप्रदेशापुरतेच वस्त्र सरकवावे.

३. स्त्री रुग्णाचा अभ्यंग स्त्री परिचारिकेनेच करावा. पुरुष वैद्याने तपासणी करताना परिचारिका किंवा रुग्णाने निवडलेली नातलग स्त्री उपस्थित असावी. येथे संहितेच्या आदेशाचा हेतू जपून त्याचे रूप बदलावे लागते. स्वामीची अनुज्ञा हा त्या काळचा आचार होता. आज प्रौढ स्त्रीची स्वतःची संमती आवश्यक आणि पुरेशी आहे. पतीसमोरही जे सांगावयाचे नाही ते सांगण्यासाठी तिला एकांत मिळाला पाहिजे.

४. अल्पवयीन रुग्णाची तपासणी पालकांच्या उपस्थितीतच व्हावी.

५. श्वित्र, किटिभ, विचर्चिका यांची 'उपचारापूर्वी व उपचारानंतर' अशी छायाचित्रे भ्रमणध्वनीवर घेऊन वैद्यांच्या गटांत पाठविण्याची प्रथा पडली आहे. रुग्णाचे घरचे वृत्त बाहेर सांगू नये असे चरकाचार्य म्हणतात. देहाचे चित्र हे त्याहून मोठे वृत्त आहे. स्वतंत्र संमतीवाचून छायाचित्र घेऊ नये आणि चेहरा किंवा ओळख पटेल अशी खूण दिसू देऊ नये.

६. आतपसेवन सांगताना देश, काल व बल पाहावे. बर्लिनचे ऊन वेगळे आणि वैशाखातील मराठवाड्याचे वेगळे. दिवसभर कपाशीत राबणाऱ्याला सूर्यस्नानाचा उपदेश व्यर्थ आहे. घरात बसून असलेल्या वृद्धाला किंवा सर्वांग झाकून वावरणाऱ्या स्त्रीला तो उपयुक्त ठरेल. तिच्यासाठी घराच्या आतील अंगणात, आडोशाला, कोवळ्या उन्हात हातपाय उघडे ठेवणे पुरेसे आहे. बाकुचीचा लेप देऊन ऊन सांगताना वेळ मिनिटांत सांगावी, अन्यथा त्वचेवर फोड येतात.

औषधालयांच्या मालकांसाठी

औषधालयातील काउंटरही या विचारापासून दूर नाही. वाजीकरण औषधांच्या वेष्टनांवर आणि दुकानातील फलकांवर अर्धनग्न चित्रे लावली जातात. ज्या देहाला आपण उपचारासाठी आदराने उघडतो, तोच देह येथे मालाच्या खपासाठी उघडा केला जातो. लैंगिक क्षमता वाढविण्याचा किंवा मासिक पाळीचे विकार बरे करण्याचा दावा करणारी जाहिरात १९५४ च्या औषधे व जादूचे उपचार (आक्षेपार्ह जाहिराती) कायद्याने निषिद्ध आहे, हे स्मरणात असावे. तसेच ग्राहकाने हळू आवाजात मागितलेले औषध काउंटरवरून मोठ्याने उच्चारू नये. दाटीच्या दुकानात नावाचा उच्चार हेही एक प्रकारे वस्त्र काढणेच आहे.

समारोप

जर्मनीच्या नग्नसंस्कृतीने देहाविषयीची अकारण लाज कमी केली, हे तिचे ऋण मान्य केले पाहिजे. कर्वे यांनी आपल्या भाषेत तेच काम दंड सोसून केले. त्याच वेळी, नीतीच्या कल्पना सत्तेबरोबर, शास्त्राबरोबर आणि समाजाबरोबर कशा फिरतात हेही या इतिहासाने दाखविले. उद्या त्या पुन्हा बदलतील. वैद्याने त्यांच्या मागे धावू नये आणि त्यांच्याशी भांडूही नये. समोरच्या रुग्णाला विचारावे, कारणापुरतेच उघडावे आणि काम होताच झाकावे. एवढा आचार आपल्या चिकित्सालयांत रुजला, तर लाजेमुळे उशिरा येणारी भगिनी पुढील वेळी वेळेवर येईल, आणि आपल्या शेजारणीलाही सोबत आणील.